मुदत संपली म्हणजे काय? सुप्याच्या खतांपासून हक्कसोडपत्रापर्यंत

 

आज आम्ही एका शब्दाचा इतिहास सांगणार आहोत. शब्द आपल्या रोजच्या तोंडचा आहे, मुदत. गटाच्या कर्जाला मुदत असते, बियाण्याच्या पिशवीवर मुदत छापलेली असते. तशीच ती कोर्टात दावा लावण्यालाही असते. पण हे आपल्यातल्या बऱ्याच जणींना दावा फेटाळला गेल्यावरच कळतं.

दिवाळीनंतर आमच्याकडे एक ताई आल्या. हातात प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेले कागद. वडील वारले तेव्हा महिन्याभरात भाऊ त्यांना तालुक्याला घेऊन गेला होता. "वारसाची नोंद लावायची आहे, दोन-चार ठिकाणी सही कर," म्हणाला. ताईंनी सही केली. त्या वर्षी भाऊबीजेला साडीचोळी जरा भारीतली मिळाली. पाच वर्षांनी रस्त्यासाठी जमीन जाणार, मोबदला येणार अशी बोलणी सुरू झाली, म्हणून ताईंनी सातबारा काढला. त्यावर त्यांचं नाव नव्हतं. फेरफार काढला तेव्हा कळलं की आपण सही केली ते हक्कसोडपत्र होतं. मग दीड वर्ष भावाशी बोलणं, मामाला मध्ये घालणं, यात गेलं. शेवटी दावा लावला. समोरच्या वकिलांनी एक अर्ज दिला की हा दावा मुदतीबाहेरचा आहे, सुरुवातीलाच फेटाळावा. आणि कोर्टाने तो फेटाळला.

ताई म्हणाल्या, "आमचं कोणी ऐकलंच नाही. साक्ष नाही, पुरावा नाही. माझ्या बापाच्या जमिनीला उशीर कसला?"

त्यांच्या या प्रश्नाचं उत्तर शोधायला आपल्याला दीडशे वर्षं मागे, पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी जावं लागेल. पण त्याआधी मुदत मुळात आली कशी ते पाहू.

मुदत हवीच कशाला?

पहिल्यांदा वाटतं की हक्क तो हक्क, त्याला मुदत कसली? पण जरा दुसऱ्या बाजूने बघा. आपल्या आजोबांनी रीतसर घेतलेल्या रानावर चाळीस वर्षांनी कोणी तरी येऊन म्हणाला, "हे आमचं आहे," तर आपण काय करणार? खरेदीच्या वेळचे पंच वारलेले, कागद वाळवीने खाल्लेले. जुन्या गोष्टीचा खरेखोटेपणा ठरवणं दर वर्षी अवघड होत जातं. म्हणून कुठे तरी रेघ ओढावी लागते.

ही रेघ इंग्रजांच्याही आधीची आहे. याज्ञवल्क्य स्मृतीत असं सांगितलंय की मालकाच्या डोळ्यांदेखत दुसरा माणूस जमीन वहिवाटत असेल आणि मालक हरकत घेत नसेल, तर वीस वर्षांनी तिच्यावरचा हक्क जातो. जंगम मालमत्तेला दहा वर्षं. पण त्यालाही काही अपवाद ठेवले होते. गहाण, शीव, ठेव, अजाण बालकाची मालमत्ता, राजाची मालमत्ता, आणि स्त्रीची मालमत्ता. बाईचं धन दुसऱ्याने कितीही वर्षं वापरलं तरी मुदतीने जात नाही, असं ते वचन म्हणतं.

यात बाईचा मान किती आणि बाईला हरकत घेताच येणार नाही हे धरून चालणं किती, हे तुम्हीच ठरवा. पण एक गोष्ट लक्षात ठेवा. आजच्या कायद्यात असा अपवाद नाही. आज बाई आणि पुरुष दोघांना मुदत सारखीच. अज्ञान मुलाला आणि मानसिक आजारामुळे आपलं हित न कळणाऱ्या माणसाला सवलत आहे, पण बाई आहे म्हणून सवलत नाही. कायदा आपल्याला पूर्ण माणूस मानतो. ही चांगलीच गोष्ट आहे, पण मग दिवसही आपणच मोजायचे.

मराठ्यांच्या राज्यात वतनाचे तंटे गोतसभेपुढे जात, साक्षीपुरावे होऊन महजर होई. जुने कागद पाहिले तर एकाच पाटीलकीचा वाद पिढ्यान्‌पिढ्या चाललेला दिसतो. इंग्रजी राज्यात कोर्टं आली आणि त्यांच्याबरोबर वर्षांत मोजलेल्या मुदती आल्या. १८५९ साली सगळ्या ब्रिटिश हिंदुस्थानासाठी मुदतीचा कायदा झाला. आपल्या गोष्टीची खरी सुरुवात इथून होते.

तीन वर्षांचं खत

या कायद्याने ठरवलं की नोंदणी न केलेल्या कर्जखतावर सावकाराला दावा लावायचा तर तीन वर्षांत लावावा लागेल. नोंदणी केलेल्या खताला सहा वर्षं. त्याआधी मुदत बरीच लांब होती. हेतू वाईट नव्हता. सावकाराने वर्षानुवर्षं गप्प बसून व्याज फुगवू नये, लवकर हिशेब मिटावा, असा विचार होता.

प्रत्यक्षात झालं उलटंच. तीन वर्षं भरत आली की सावकार शेतकऱ्याला बोलवायचा. "मुदत संपतेय. एक तर पैसे दे, नाही तर नवं खत लिहून दे. नाही तर उद्या कोर्टात." हातात पैसे नसलेला माणूस काय करणार? तो नव्या खतावर अंगठा द्यायचा. आणि नव्या खतात मुद्दल म्हणून कोणता आकडा लिहिला जायचा? जुनं मुद्दल अधिक तीन वर्षांचं व्याज.

आपण गटात हिशेब ठेवतो, तर हाही हिशेब करून बघू. शंभर रुपये कर्ज, व्याज दरमहा शेकडा दोन रुपये. तीन वर्षांचं व्याज झालं ७२. नवं खत १७२ रुपयांचं. त्यावर आणखी तीन वर्षांनी व्याज साधारण १२४, म्हणजे खत २९६ रुपयांचं. अजून तीन वर्षं, आणि नऊ वर्षांअखेर देणं झालं जवळजवळ ५०९ रुपये.

आता जुनी रीत आठवा. आपल्याकडे दामदुपटीचा नियम होता. व्याज कितीही साठलं तरी एका वेळी मुद्दलाहून जास्त मागायचं नाही. त्या नियमाने एकाच खतावर हाच शेतकरी नऊ वर्षांनी फार तर २०० रुपये देणं लागला असता. पण दर तीन वर्षांनी व्याजाचंच मुद्दल झालं, की दामदुपटीचा नियम कागदावरच राहिला. कर्जदाराला वाचवण्यासाठी आणलेली मुदत त्याच्याच गळ्यात आली.

असं का झालं? कारण तारीख सावकाराला माहीत होती. खत त्याच्या पेटीत होतं, वही त्याच्याकडे होती, लिहिता-वाचता त्याला येत होतं. शेतकऱ्याने पैसे फेडले तरी पावती मिळायची नाही. खतात काय लिहिलंय ते वाचून बघायची सोय नाही. पुढे कोर्टाचं समन्स आलं तर शेतकरी घाबरून जायचाच नाही, आणि निकाल एकतर्फी लागायचा. हुकूमनामा घेऊन बेलिफ दारात आला की मग कळायचं.

सुप्याच्या बाजारात

त्यातच काळ फिरला. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध चाललं होतं. तिकडचा कापूस बंद झाला, म्हणून इकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. सावकारांनी कर्जं हात सैल सोडून दिली. युद्ध संपलं आणि भाव पडले. मागोमाग सरकारने जमिनीचा सारा वाढवला, कुठे निम्म्याने तर कुठे दुपटीपर्यंत. सावकारांनी हात आखडता घेतला आणि जुनी वसुली सुरू केली.

१८७४ च्या डिसेंबरात शिरूर तालुक्यातल्या करडे गावाने सावकारांवर बहिष्कार घातला. आणि १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातल्या सुपे गावी, जिथे मोठी बाजारपेठ होती आणि बरेच सावकार राहत होते, आसपासचे शेतकरी जमले. त्यांनी सावकारांकडे वह्या आणि खतं मागितली आणि मिळतील ती जाळली. हे लोण पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या तीसहून अधिक गावांत पसरलं. याला आपण दख्खनचे दंगे म्हणतो.

मैत्रिणींनो, लोकांनी मुख्यतः काय जाळलं ते बघा. कागद जाळले. जिथे सावकाराने मुकाट्याने खतं काढून दिली तिथे मारहाण सहसा झाली नाही. त्या माणसांना वाचता येत नव्हतं, पण आपली जमीन नांगराने जात नाही, कागदाने जाते, हे त्यांना पक्कं कळलं होतं.

कागदाच्या मागे जा

सरकारने चौकशीसाठी आयोग नेमला. आयोगाने जे नोंदवलं त्यात मुदतीचा कायदा शेतकऱ्यावर कसा उलटला हेही होतं. मग १८७९ साली पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांसाठी दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा आला.

त्यातल्या तरतुदी ऐका, कारण त्या आजही विचार करायला लावतात. शेतकऱ्याविरुद्ध पैशाचा दावा असेल तर मुदत वाढवली. नोंदणी केलेल्या खताला बारा वर्षं, बाकीच्याला सहा वर्षं. म्हणजे सावकाराला दर तीन वर्षांनी नवं खत लिहून घेण्याचं निमित्त उरलं नाही. शेतकऱ्याचं खत गावाच्या निबंधकासमोरच लिहिलं जावं, असं ठरलं. पैसे फेडले की लेखी पावती मागायचा हक्क मिळाला. कर्जासाठी शेतकऱ्याला तुरुंगात टाकणं बंद झालं. आणि सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे, रकमेबद्दल वाद असेल तर न्यायाधीशाने नुसतं खतावरचा आकडा बघून निकाल द्यायचा नाही. पहिल्या व्यवहारापासून हिशेब काढायचा, मुळात हातात किती रुपये पडले ते शोधायचं. थोडक्यात, कागदाच्या मागे जायचं.

याने सगळं सुरळीत झालं असं नाही. सावकारांनी वाट काढली. कर्जखताऐवजी ते थेट खरेदीखत लिहून घेऊ लागले, "पैसे दिलेस की परत करीन" असं तोंडी सांगून. तोंडी सांगणं हवेत विरून जातं, खरेदीखत राहतं. हे वाक्य आपल्यापैकी कितीजणींना ओळखीचं वाटतंय?

आजचं घड्याळ

मुदतीचा कायदा पुढे बदलत गेला. १८७१, १८७७, १९०८, आणि शेवटी स्वतंत्र भारताचा १९६३ चा कायदा. हा १ जानेवारी १९६४ पासून लागू आहे. आज कोर्टात हाच चालतो. त्यातलं आपल्या उपयोगाचं तेवढं सांगतो.

उसने दिलेले पैसे परत मिळवायचे तर तीन वर्षं. देणाऱ्याने मुदत संपण्याआधी लेखी कबुली देऊन सही केली तर तिथून पुन्हा तीन वर्षं. मालकीच्या हक्कावर जमिनीचा ताबा मागायचा तर, दुसऱ्याचा ताबा आपल्या हक्काविरुद्ध झाला तेव्हापासून बारा वर्षं. एकत्र कुटुंबाच्या मालमत्तेतून आपल्याला वगळलं असेल, तर ते आपल्याला कळल्यापासून बारा वर्षं. आणि खरेदीखत, बक्षीसपत्र, हक्कसोडपत्र असा एखादा कागद रद्द करून घ्यायचा, तर तो रद्द करण्याजोगा आहे हे दाखवणाऱ्या गोष्टी आपल्याला पहिल्यांदा कळल्यापासून फक्त तीन वर्षं.

हा फरक नीट ऐका. जिने कशावरही सही केलेली नाही, तिचा हक्क भाऊ जमीन कसतो एवढ्याने जात नाही. एका हिस्सेदाराचा ताबा हा सगळ्यांच्या वतीने धरतात. भावाने उघडपणे "तुझा काही संबंध नाही" म्हणेपर्यंत तिच्याविरुद्ध घड्याळ सुरू होत नाही. सातबाऱ्यावर नाव नाही एवढ्यानेही मालकी जात नाही. पण जिने हक्कसोडपत्रावर सही केली, तिला आधी तो कागद बाजूला सारावा लागतो, आणि त्याचं घड्याळ तीन वर्षांचं आहे.

फसवणूक झाली असेल तर ती उघडकीस आल्यापासून, किंवा नीट लक्ष घातलं असतं तर जेव्हा उघडकीस आली असती तेव्हापासून, मुदत मोजतात. यातला दुसरा भाग महत्त्वाचा आहे. नोंदणी झालेल्या कागदावर आपलीच सही असेल तर "मला माहीतच नव्हतं" हे कोर्टाला पटवणं कठीण जातं.

आणखी एक. अपील करायला उशीर झाला तर योग्य कारण दाखवून माफी मागता येते. मूळ दाव्याला अशी माफी नाही. समोरच्याने मुद्दा काढला नाही तरी मुदत संपलेला दावा कोर्टाने फेटाळायचाच, असं कायदा सांगतो. अलीकडे घड्याळ सगळ्यांसाठी थांबलं ते फक्त करोनात. १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीत धरायचा नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं.

दारातूनच परत

आता ताईंच्या प्रश्नाकडे येऊ. साक्षीपुरावा न होता दावा कसा फेटाळला?

दिवाणी प्रक्रिया संहितेत सातव्या आदेशाचा अकरावा नियम आहे. दावापत्रात जे लिहिलंय त्यावरूनच दावा मुदतीबाहेरचा दिसत असेल, तर कोर्ट ते दावापत्र सुरुवातीलाच नाकारतं. ज्या दाव्यात काही निष्पन्नच होणार नाही त्यापायी समोरच्याने वर्षानुवर्षं तारखांना जाऊ नये, हा त्यामागचा विचार. यावेळी कोर्ट समोरच्याचं म्हणणं किंवा त्याचे पुरावे तपासत नाही. फक्त आपलं दावापत्र आणि त्याला जोडलेले कागद वाचतं. म्हणजे आपल्याला सांगायचं ते सगळं त्या कागदात असायला हवं.

सुरतजवळच्या एका शेतजमिनीचा खटला २०२० साली सर्वोच्च न्यायालयात असाच संपला. २००९ साली नोंदणी करून जमीन विकली. ठरलेल्या पैशांतले बहुतेक चेक वटलेच नाहीत, म्हणून खरेदीखत रद्द करा, असा दावा २०१४ च्या डिसेंबरात लावला गेला. न्यायालय म्हणालं, पैसे मिळाले नाहीत हे तुम्हाला तेव्हाच कळायला हवं होतं, तीन वर्षं केव्हाच संपली. दावा दारातूनच परत गेला.

आम्ही ताईंचं दावापत्र घेऊन बसलो. त्यात सही केल्याची तारीख होती. फसवणूक झाली असं एका ओळीत लिहिलं होतं. पण सातबारा कधी काढला, फेरफाराची नक्कल कोणत्या दिवशी हातात पडली, हे कुठेही नव्हतं. सही केल्यापासून साडेसहा वर्षं झालेली, आणि कळल्यापासून दीड. कोर्टाला कागदावर साडेसहाच दिसली. कायदा सांगतो की मुदत उलटल्यासारखी दिसत असेल तर ती का उलटलेली नाही हे दावापत्रातच लिहा, आणि फसवणूक म्हणत असाल तर कोणी, कधी, काय सांगून केली ते तारखांसह लिहा. ताईंना ती तारीख तोंडपाठ होती, कारण त्याच दिवशी त्यांच्या सुनेचं डोहाळजेवण होतं. पण ती कोणी विचारली नाही, आणि सांगायची असते हे त्यांना माहीत नव्हतं.

सुप्याच्या शेतकऱ्याची आणि ताईंची गोष्ट इथे एक होते. कायद्यात मुदत सगळ्यांना सारखी असते. पण ज्याच्या पेटीत कागद, त्याला दिवस मोजता येतात. ज्याने नुसता अंगठा दिला, त्याचे दिवस दुसराच मोजत असतो.

असं नाकारलं गेल्यावर सगळं संपतंच असं नाही. त्याविरुद्ध अपील करता येतं. जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत तीस दिवसांची. आणि मुदत शिल्लक असेल तर दुरुस्त दावापत्राने नवा दावाही लावता येतो. ताईंनी अपील केलंय. नक्कल काढल्याची पावती त्यांच्या डब्यात, गॅसच्या पुस्तकाखाली सापडली. तीवर तारीख आहे.

"शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये," असं आपल्याला लहानपणापासून ऐकवलंय. भावावर दावा लावला तर माहेर तुटेल, ही भीतीही खरी आहे. ताईंचं दीड वर्ष त्याच भीतीत गेलं. कोर्टात जायचं की नाही हे जिचं तिने ठरवावं. आम्ही एवढंच म्हणतो की बोलणी चालू आहेत म्हणून घड्याळ थांबत नाही. बोलणी करा, पण दिवस मोजत करा.

म्हणून आमची एक विनंती आहे. पुढच्या बैठकीत प्रत्येकीने एक जुनी वही घेऊन यावी. कोणत्याही कागदावर सही किंवा अंगठा दिला की त्यात दिवस, ठिकाण आणि कोणी नेलं होतं ते लिहायचं. सही करण्याआधी कागद मोठ्याने वाचून घ्यायचा आणि त्याची प्रत मागायची. जुन्या सहीबद्दल शंका असेल तर दुय्यम निबंधकाच्या कार्यालयातून नक्कल काढायची आणि नक्कल मिळाल्याची तारीखही वहीत लिहायची. आणि वकिलाचा खर्च कसा करायचा म्हणून थांबू नका. १९८७ च्या विधी सेवा कायद्याने बाईला तिचं उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते, तिथे जा, किंवा १५१०० या नंबरवर फोन करा.

दीडशे वर्षांपूर्वी सुप्यात लोकांनी कागद जाळले, कारण तो वाचणं त्यांच्या हातात नव्हतं. आपल्या हातात आहे. भेटू पुढच्या भाषणात. राम राम.